पदोन्नती : ज्येष्ठता की गुणवत्ता?

भिलाई पोलाद कारखाना चालविणारी 'सेल' ही सरकारी कंपनी घटनेच्या अनुच्छेद १२ नुसार 'राज्य' ठरते. त्यामुळे तेथील पदोन्नतीस समान संधीचा अनुच्छेद १६ लागू होतो. पदोन्नती मिळणे हा मूलभूत हक्क नव्हे, मात्र पात्र कर्मचाऱ्याचा तिच्यासाठी विचार होणे हा आहे.

नियमातील शब्दांचा क्रम येथे निर्णायक असतो. किमान ५० गुणांची अट असताना ज्येष्ठास ५५ व कनिष्ठास ८० गुण मिळाले, असे समजू. निकष 'ज्येष्ठता-सह-गुणवत्ता' असल्यास पद ज्येष्ठाला मिळेल, कारण किमान गुणवत्ता पुरेशी असते. 'गुणवत्ता-सह-ज्येष्ठता' असल्यास कनिष्ठाला. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये ग्रामीण बँकांविषयीच्या शिवय्या खटल्यात हा भेद स्पष्ट केला.

ज्येष्ठतेत पक्षपातास वाव कमी, परंतु कार्यक्षमतेस उत्तेजनही कमीच. गुणवत्तेची खरी अडचण ती मोजणाऱ्याची आहे. देव दत्त या अभियंत्याची बढती 'चांगला' या शेऱ्यामुळे अडली. 'अतिशय चांगला' आवश्यक होता आणि शेरा त्यांना कळविलाच नव्हता. प्रत्येक शेरा कळविलाच पाहिजे, असे न्यायालयाने २००८ मध्ये ठरविले आणि हे बंधन सार्वजनिक उपक्रमांनाही लागू केले.