भाव वाढले, तरी माग बंद का?

भाव वाढला की माल वाढणारच, असा बाजारात पक्का समज आहे. समज खोटा नाही, पण अर्धा आहे. या अर्ध्या समजावर कर्ज काढून माग वाढविणारे कारखानदार अडचणीत आलेले आम्ही पाहिले आहेत. म्हणून पुरवठ्याचा हिशेब येथे मांडत आहोत.

उर्दू शाळेत आम्ही 'तलब' आणि 'रसद' हे शब्द शिकलो. तलब म्हणजे मागणी, रसद म्हणजे पुरवठा. गोदामात पडून असलेला माल म्हणजे पुरवठा नव्हे, तो साठा. ठराविक मुदतीत, ठराविक भावाला विक्रेता जेवढा माल विकण्यास तयार असतो, तो त्या भावाचा पुरवठा. सूत, मजुरी व वीज यांचे दर तेच राहून फक्त कापडाचा भाव चढला, तर दुसरी पाळी लागते व माल वाढतो. पण खर्चच चढला, तर त्याच भावाला पूर्वीपेक्षा कमी माल बाजारात येतो.

२०२२ साली हेच घडले. मे महिन्यात रुईची ३५६ किलोची खंडी एक लाख रुपयांच्या वर गेली आणि सूत कडाडले. समजण्यासाठी आकडे धरू. एक मीटर ग्रे कापडाला सूत १८ रुपये, मजुरी व वीज ६ रुपये, म्हणजे चालू खर्च २४; भाव २६. उरलेल्या २ रुपयांतून जागेचे भाडे व बँकेचा हप्ता निघतो. आता सूत २४ झाले, तर चालू खर्च ३०. भाव मात्र २९ पर्यंतच चढला. भाव ३ रुपयांनी वाढूनही प्रत्येक मीटरमागे १ रुपया खिशातून जातो. अशा वेळी माग बंद ठेवणेच शहाणपणाचे. भाव साडेतीस मिळाला, तर मात्र माग चालवावा. कारण भाडे व हप्ता माग बंद असला तरी द्यावाच लागतो, त्यात ५० पैशांचा हातभार लागतो.

दुसरी गोष्ट मुदतीची. अर्थशास्त्रज्ञ आल्फ्रेड मार्शल यांनी १८९० च्या आपल्या ग्रंथात ती नीट समजावली आहे. आज भाव चढला, तर आज विकायला असलेला तयार मालच असतो. काही महिन्यांत पाळ्या वाढतात. नवे माग बसायला त्याहून अधिक काळ लागतो. तेजी पाहून सर्वांनीच माग घेतले, तर ते सुरू होईपर्यंत बाजारात माल तुंबतो आणि भाव उतरतो. हप्ता मात्र उतरत नाही.

म्हणून कारखानदार बंधूंनी तेजीत आधी तीन गोष्टी तपासाव्यात : कापडाबरोबर सूतही चढले काय? भावातून चालू खर्च निघतो काय? आणि आपला नवा माल बाजारात येईल, तेव्हा शेजाऱ्याचाही येणार आहे काय? याची उत्तरे मिळाल्यावरच कर्जाच्या कागदावर सही करावी.