भांड्यावरचे नाव

माळ्यावरचे जुने पितळी पातेले खाली काढून चिंचेने घासले, म्हणजे काठाखाली बारीक ठिपक्यांनी कोरलेली एक ओळ उजळून येते. लग्नात कुणी कुणाला दिले, ते नाव, कधी तारीखही. पंगतीसाठी शेजाऱ्यापाजाऱ्यांची भांडी मागून आणीत. परत करताना ती बदलू नयेत, हा अशा नावाचा उघड उपयोग. परंतु कामापुरती घातलेली ती ओळ पुढे घराची बखरच होऊन बसते. शेतीवाडीच्या जुन्या कागदांवर बहुधा पुरुषांचीच नावे सापडतात. आजीची मावशी मात्र एखाद्या तांब्यावरच भेटते.

ही बखर आता घरांतून नाहीशी होत आहे. पितळेत आंबट पदार्थ कळकतो, म्हणून आतून कथलाची कल्हई लागते. स्टेनलेस स्टीलला ती यातायात नाही. स्टील आले, कल्हईवाल्याची हाक विरळ झाली आणि पितळ माळ्यावर गेले. वाटण्या झाल्या, बिऱ्हाड लहान जागेत गेले, की तेथून ते मोडीत जाते. मोडवाला वजन पाहतो. नावाला काट्यावर वजन नाही.

पुण्यात कवी अज्ञातवासी, म्हणजे दिनकर गंगाधर केळकर, यांनी दिवे, अडकित्ते, दौती, वज्र्या अशा घरगुती वस्तू जन्मभर जमविल्या, त्या संग्रहाला बालवयात निवर्तलेल्या आपल्या राजाचे नाव दिले आणि १९७५ साली तो महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला. हे उपकार मोठेच. पण संग्रहालय वस्तू राखते. तिच्या मालकिणीची हकीकत बरोबर आली नसेल, तर ती कोठून राखणार?

ते काम घराचेच आहे. आमच्याकडे एका तपेलीवर कुणा बाईंचे नाव आहे. त्या कोण, हे सांगू शकणारे माणूस बरीच वर्षे आमच्यात होते. आम्ही विचारले नाही. आता तपेली आहे, नाव आहे आणि आठवण तेवढी नाही. वस्तू खूण राखते. हकीकत माणसालाच सांगावी लागते.

सारेच जपून ठेवा, असे आम्ही म्हणत नाही. जागा नसते, मोडीत देणे भाग पडते. देण्यापूर्वी मात्र ती ओळ वहीत उतरवून घ्यावी आणि घरातील वडीलधाऱ्यांना 'ह्या कोण?' एवढे विचारावे. सुटीत मुले घरी आहेत. चिंच त्यांच्याच हाती द्यावी.