कृष्णेनं दरी कोरली ती कुठे?

पायाखालचा खडक : लेखांक 9

ग्रँड कॅन्यन पाहून आलेला माणूस नृसिंहवाडीच्या घाटावर उभा राहिला की एक प्रश्न हमखास विचारतो. कोलोरॅडो नदीनं दीड किलोमीटरहून खोल दरी कोरली. मग आपली कृष्णा, वेण्णा, कोयना, वारणा यांचं पाणी पोटात घेऊन वाडीला येते, इथे तिला पंचगंगा मिळते, आणि तरी ती मातीच्या काठांमधून अशी संथ का वाहते? तिच्यात ताकद नाही का?

प्रश्न खरा आहे. त्याचं उत्तर मात्र वाडीत उभं राहून मिळत नाही, कृष्णेच्या कडेनं खाली जावं लागतं. योग असा की ती वाट दत्तभक्तांच्या ओळखीची आहे: वाडी, कुरवपूर, श्रीशैल. यात्रेची ही तीन ठाणी तीन अगदी वेगळ्या खडकांच्या मुलखात आहेत. श्रद्धेनं जाणाऱ्यानं जाता जाता खडकही पाहावा, असं मला मनापासून वाटतं. त्यानं दर्शनात काही उणं होत नाही.

आधी वाडीच पाहू. पूर ओसरल्यावर घाटाच्या पायऱ्यांवर गाळ राहतो. तो ओला असताना चिमटीत धरून चोळून पाहा, बोटांना खर लागत नाही. चारआठ दिवसांच्या उन्हात त्याला पाचकोनी, सहाकोनी भेगा पडतात, कडा वर वळतात आणि पापुद्रा सुटतो. असा एकेक पापुद्रा म्हणजे पुराच्या पाण्यानं खाली टाकलेलं ओझं. ज्या जागी नदी इतका बारीक गाळ टाकते, त्या जागी तिचा वेग जवळजवळ संपलेला असतो. दगडगोटे आणि जाड वाळू तिनं वरच कुठेतरी ठेवलेली असते. शिरोळ तालुक्यातली मळीची रानं, कृष्णाकाठची वांगी, इथला ऊस, हे सगळं या दमलेल्या नदीचं देणं आहे.

नदी दमते ती उतार संपल्यामुळे. कृष्णा उगम पावते ती सुमारे 1300 मीटर उंचीवर. वाई आहे सुमारे 720 मीटरवर. म्हणजे उगमापासून वाईपर्यंतच्या थोडक्या वाटेत ती जवळजवळ सहाशे मीटर उतरते. पुढे सांगलीची उंची साडेपाचशेच्या आसपास. तेवढ्या लांब पल्ल्यात उतार मिळतो तो जेमतेम पावणेदोनशे मीटरचा. वाडीला पोचेपर्यंत नदी सपाटीला लागलेली असते. मग ती खाली कापण्याऐवजी आडवी सरकते, वळणं घेते, एक काठ खाते आणि दुसऱ्या काठाला माती लावते. कुरुंदवाडपासून खिद्रापूरपर्यंतचा नकाशा पाहिला तर ही वळणं सहज दिसतात.

दक्षिणद्वार सोहळा शक्य होतो तोही या संथपणामुळेच. पुराचं पाणी हळूहळू चढतं, मंदिरात येतं, पादुकांवरून वाहतं आणि दक्षिणेच्या दारानं बाहेर पडतं. भाविक त्या पाण्यात स्नान करतात. पाणी आणखी वाढणार असं दिसलं की उत्सवमूर्ती वर हलवायला पुजाऱ्यांना वेळ मिळतो. अरुंद घळीत पूर असा येत नाही. तिथे तो उसळत येतो आणि समोर काही ठेवत नाही. पण याच संथपणाची दुसरी बाजू 2005, 2019 आणि 2021 साली कोल्हापूर-सांगलीनं भोगली. चढलेलं पाणी उतरायला तयार नसतं, कारण त्याला पुढे ओढून नेणारा उतारच नाही. कृष्णा फुगली की पंचगंगेचं पाणी संगमावर तुंबतं आणि मागे पसरतं. अलमट्टीच्या फुगवट्यावरून दोन राज्यांत जो वाद चालतो, त्याच्या मुळाशीही हेच आहे. धरणाची आजची पूर्ण पातळी 519.60 मीटर, कर्नाटकाला ती 524.256 मीटर करायची आहे. नदीला उतार भरपूर असता तर पावणेपाच मीटरसाठी इतक्या वर कुणाच्या पोटात गोळा आला नसता. इथे मीटर-मीटरला किंमत आहे.

आता दरी कशी होते ते पाहू. नुसतं पाणी खडक फारसा कापत नाही. कापते ती पाण्याबरोबर धावणारी वाळू आणि गोटे. पाणी हा कानस चालवणारा हात, कानस म्हणजे वाळू. हाताला जोर येतो उतारातून. म्हणून खोल दरीसाठी तीन गोष्टी जुळाव्या लागतात. जमीन उंच हवी आणि नदीला जिथे पोचायचं ती पातळी बरीच खाली हवी. पाण्यात घासणारा माल हवा. आणि काठाचा खडक असा हवा की खालून कापला तरी वर भिंतीसारखा उभा राहील. तिसरी अट लोक विसरतात. काठ ठिसूळ असेल आणि पाऊस धो धो असेल, तर दरी खोल होता होता तिच्या बाजू ढासळतात आणि रुंद खोरं तयार होतं.

कोलोरॅडोच्या मुलखात तिन्ही गोष्टी जुळल्या. पठार उंच उचललं गेलं, नदीला खाली कॅलिफोर्नियाच्या आखाताची वाट मिळाली, पाणी गाळानं लालभडक होतं, आणि हवा कोरडी असल्यामुळे कडे टिकले. गेल्या पन्नाससाठ लाख वर्षांत 446 किलोमीटर लांबीची दरी तयार झाली. तिच्या तळाशी सुमारे पावणेदोनशे कोटी वर्षांचा खडक उघडा पडला आहे, त्याचं नाव विष्णू शिस्ट. क्लॅरेन्स डटन या भूशास्त्रज्ञानं 1882 साली या प्रदेशावर मोठा ग्रंथ लिहिला. तिथल्या सुळक्यांना विष्णू, ब्रह्मा, शिव अशी नावं देण्याची रीत त्याच्यापासून सुरू झाली. आज त्या दरीत कृष्णेच्या नावाशी मिळतंजुळतं 'कृष्ण श्राइन' नावाचं शिखरही आहे.

आपल्याकडे पहिली अट सह्याद्रीत पुरी होते. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाचे थर महाबळेश्वरच्या परिसरात एक किलोमीटरहून जाड आहेत. या थरांच्या गटांना भूशास्त्रात दिलेली नावं सगळी आपल्या मुलखातली: पोलादपूर, आंबेनळी, महाबळेश्वर, पन्हाळा, देसूर. पण सह्याद्रीचा कडा कोसळतो तो पश्चिमेला. आर्थर सीटवरून सावित्रीचं खोरं पाहिलं की खोल दरी म्हणजे काय ते कळतं. सावित्रीला समुद्र जवळ आहे. कृष्णेला उगमापासून अरबी समुद्र सरळ रेषेत साठपासष्ट किलोमीटरवर, पण ती पाठ फिरवून चौदाशे किलोमीटरांवरच्या बंगालच्या उपसागराकडे निघते. तोच उतार इतक्या लांबीवर वाटला गेला की वाट्याला काय येणार?

म्हणून वाडीचं चित्र पाहून कृष्णेला दुबळी ठरवू नये. तिचा उतार सारखा वाटला गेलेला नाही, तो काही मोजक्या जागी साठवून ठेवलेला आहे. कठीण खडकाचा उंबरठा आडवा आला की त्याच्या वरच्या अंगाला नदी सपाट होते, आणि उंबरठा ओलांडल्यावर सगळी उंची एकदम खर्च करते.

वाडीपासून सगळ्यात जवळचा असा उंबरठा कृष्णेवर नाही, घटप्रभेवर आहे. गोकाकला घटप्रभा 52 मीटर खाली उडी घेते आणि पुढे घळीतून निघते. आंबोलीजवळ उगम पावणारी हिरण्यकेशी याच घटप्रभेला मिळते, म्हणजे त्या उडीत आपल्या आंबोलीचा पाऊसही आहे. इथला खडक काळा नाही, तांबूस-फिकट आहे. तो कलादगी खोऱ्यातला वाळूचा खडक. लाव्हाच्या दहापटीहून जुना. लाव्हा आला तो या जुन्या जमिनीवर. मिरजेहून बेळगावकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावर घटप्रभा आणि गोकाक रोड ही स्थानकं आहेत. वाडीचं दर्शन आटोपून पावसाळ्याच्या उत्तरार्धात एक दिवस काढला तर एवढं सहज जमतं. धारेच्या कडेचा खडक शेवाळानं निसरडा असतो, तिथे फोटोसाठी पुढे सरकू नये.

वाडीच्या पुढे कृष्णा स्वतः आपली उंची पहिल्यांदा मोठ्या प्रमाणात खर्च करते ती नारायणपूर धरणाच्या खाली, जलदुर्गाजवळ. काही किलोमीटरांच्या आत ती शंभर मीटरांहून जास्त उतरते आणि ग्रॅनाइटच्या मुलखात येते. कुरवपूर याच मुलखातलं. श्रीपाद श्रीवल्लभांचं हे ठाणं म्हणजे नदीच्या मधोमध असलेलं बेट, रायचूर जिल्ह्यात. वाडीच्या काठाला माती, तर इथे पाण्यातून वर आलेले गोलसर, करडे-गुलाबी दगड. जवळून पाहिलं तर त्यांत पांढरे, गुलाबी आणि काळे कण वेगवेगळे दिसतात; आपल्या काळ्या पाषाणात असे कण नुसत्या डोळ्यांना क्वचितच दिसतात. नदीला हा खडक सलग कापता येत नाही. ती त्याच्या भेगा शोधते, फाटे फुटतात, मधे बेटं उरतात.

आणि मग नल्लमला. कुर्नूलच्या पुढे कृष्णा या डोंगररांगेत शिरते आणि तिथे तिनं खरीखुरी दरी कोरली आहे. इथला वरचा खडक श्रीशैलच्याच नावानं ओळखला जातो: श्रीशैलम क्वार्टझाइट. प्राचीन वाळू दाबली जाऊन झालेला, जवळजवळ आडव्या थरांचा, अतिशय कठीण. तो बसला आहे त्याहून फार जुन्या ग्रॅनाइटवर, आणि दोघांच्या मधला काळ खडकात नोंदलाच गेलेला नाही. ग्रँड कॅन्यनच्या तळाशी जुन्या खडकावर आडवे थर असेच येऊन बसले आहेत, मधली कोट्यवधी वर्षं गहाळ. दोन्हीकडे दरीनं ही जुनी जोडणी उघडी केली. क्वार्टझाइट खालून कापला गेला तरी ढासळून तिरपा होत नाही, चिरेबंदी कड्यासारखा उभा राहतो. तिसरी अट इथे पुरी होते.

नदी डोंगर टाळून न जाता त्याच्या मधूनच कशी गेली? याची दोन उत्तरं असू शकतात. एक, नदी आधीपासून वाहत होती, जमीन तिच्याखाली सावकाश उचलली गेली आणि नदी त्याच वेगानं कापत राहिली. दुसरं, नदी वरच्या, आता झिजून गेलेल्या जमिनीवर वाट ठरवून बसली होती, आणि खाली उतरता उतरता तिला हा कठीण खडक लागला. तोवर वाट बदलणं शक्य नव्हतं. दोन्ही उत्तरांत नदीची वाट आजच्या डोंगररूपापेक्षा जुनी ठरते.

दरी केवढी आहे याचा अंदाज धरणांच्या मापांवरून फार छान येतो. जायकवाडीचं धरण जवळपास 10 किलोमीटर लांब आणि उंची चाळीसेक मीटर. म्हणजे गोदावरीचं खोरं पसरट. अलमट्टी सुमारे 1565 मीटर लांब, उंची बावन्न मीटर. श्रीशैलमचं धरण 512 मीटर लांब आणि 145 मीटर उंच. त्याच कृष्णेवर लांबी तिसऱ्या हिश्शावर आली आणि उंची जवळजवळ तिप्पट झाली. धरण बांधणाऱ्यांनी दरीचंच माप घेतलं आहे. पण या धरणामुळे दरीचा तळ पाण्याखाली गेला, याची हळहळ वाटल्याशिवाय राहत नाही. कोलोरॅडोवर ग्लेन कॅन्यन धरणानं 1963 पासून वरची एक सुंदर दरी अशीच बुडवली. वीज आणि पाणी लागतंच, तरीही गेलेलं गेलंच.

अरुंद घळीच्या वरच्या अंगाला पाणी कसं तुंबतं, हे ऑक्टोबर 2009 मध्ये दिसलं. पूर्ण पातळी 885 फूट असलेला श्रीशैलमचा जलाशय 896 फुटांच्या आसपास गेला, आणि त्याच पुरात तुंगभद्रेच्या काठचं कुर्नूल शहर बुडालं. वाडी-सांगलीच्या माणसाला ते वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

गुरुचरित्राच्या कथेनुसार नृसिंह सरस्वती वाडीला बारा वर्षं राहिले, पुढे गाणगापूरला गेले आणि शेवटी श्रीशैलच्या कर्दळीवनात अदृश्य झाले. त्यामुळे मराठी यात्रेकरूंचे जथे इथे कायम असतात. मल्लिकार्जुनाचं दर्शन झालं की बहुतेक जण पाताळगंगेला उतरतात. दोरवाट आहे, पण गुडघे साथ देत असतील तर पायऱ्यांनी जा, म्हणजे थरांमागून थर डोळ्यांसमोरून वर जाताना दिसतात. खाली पाणी पुरेसं असेल तर अक्कमहादेवीच्या गुहांकडे नाव जाते. त्या तासाभराच्या प्रवासात दोन्ही बाजूंचे कडे नीट पाहा: आडवे थर, त्यांना छेदणाऱ्या उभ्या भेगा, आणि भेगांवरून सुटून पाण्यात उतरलेले चौकोनी ठोकळे. दरी रुंद होते ती अशी, ठोकळ्या-ठोकळ्यानं. कर्दळीवनात जाणाऱ्यांना नावेनंतर जंगलातून चालावं लागतं. हा व्याघ्र प्रकल्पाचा भाग आहे. हैदराबादहून येणारा रस्ताही याच जंगलातून जातो आणि रात्री वनखात्याची नाकी बंद असतात, तेव्हा निघण्याची वेळ त्या हिशेबानं ठरवा. सोयीचा काळ म्हणाल तर दिवाळीनंतरचे दोनतीन महिने, कारण जलाशय भरलेला असतो आणि ऊन सुसह्य असतं. मात्र कड्यांचा खालचा भाग पाहायचा असेल तर उन्हाळ्यात, पाणी उतरल्यावर जावं.

पुढच्या आठवड्यात परत शिरोळ तालुक्यात येऊ. खिद्रापूरच्या कोपेश्वराचा काळा पाषाण लाव्हाच्या कोणत्या थरातून निघाला असावा, आणि इतकं बारीक कोरीवकाम त्यानं कसं सोसलं, ते पाहू.