'वाइल्ड कार्ड' : एक संज्ञा आणि तीन प्रवेशनियम

क्रीडावृत्तांच्या मराठीत 'वाइल्ड कार्ड' ही संज्ञा आता इतकी रुळली आहे की तिचा अर्थ विचारावा असे कोणास वाटत नाही. अमेरिकेतील बेसबॉलचा एखादा संघ 'वाइल्ड कार्डने' बाद फेरीत जातो, टेनिसपटूस 'वाइल्ड कार्ड' मिळते, दूरचित्रवाणीवरील स्पर्धेत मध्येच कोणी 'वाइल्ड कार्डने' येतो. ही तिन्ही वाक्ये एकाच दिवशीच्या वृत्तपत्रात शेजारी शेजारी येऊ शकतात. वस्तुतः पहिल्या वाक्यातील प्रवेश आकड्यांनी ठरलेला असतो आणि उरलेल्या दोहोंतील आयोजकांच्या पसंतीने. कुस्तीत पराभूत मल्लास जी दुसरी संधी मिळते ती ह्या दोहोंहून निराळी. तिचीही गणना सैल बोलण्यात ह्याच नावाखाली होऊन जाते. संज्ञा एक आणि नियम तीन, अशी ही स्थिती आहे.

संज्ञा मूळची पत्त्यांच्या खेळातली. रमीतील जोकराला स्वतःचे ठरलेले मोल नसते. ज्या पानाची उणीव असेल त्या पानाच्या जागी तो बसतो. इंग्रजीतील 'वाइल्ड' ह्या विशेषणाचा अर्थ येथे 'रानटी' नसून 'बंधनात नसलेले' असा आहे. ह्या रूपकात दोन छटा आहेत : कोणत्याही जागी बसू शकणारे पान ही एक, आणि केव्हा हाती येईल ते सांगता न येणारे पान ही दुसरी. अमेरिकेतील संघटनांनी पहिली छटा उचलली, वृत्तलेखकांनी दुसरी. त्यामुळे जो प्रवेश अत्यंत काटेकोर गणिताने ठरतो त्याभोवती नशिबाचे वलय निर्माण झाले.

असे पान मुळात लागते कशासाठी, हे समजण्यास अमेरिकेपर्यंत जाण्याची आवश्यकता नाही. १९६१ साली सुरू झालेल्या 'महाराष्ट्र केसरी' स्पर्धेची रचना पाहिली तरी पुरे. किताबाच्या लढतीसाठी मातीवरील व गादीवरील असे दोन विभाग स्वतंत्रपणे लढवले जातात आणि दोन्ही विभागांचे विजेते अखेरीस एकमेकांसमोर येतात. साताऱ्यात २०२२ च्या एप्रिलमध्ये झालेल्या स्पर्धेत पृथ्वीराज पाटील ह्यांनी विशाल बनकर ह्यांना हरवून किताब मिळवला, तो ह्याच रचनेतून. तिच्यात एक गृहीत दडलेले आहे : महाराष्ट्रातील सर्वोत्तम दोन मल्लांपैकी एक मातीत असेल व दुसरा गादीवर. ते दोघेही एकाच विभागात असले तर त्यांतील एकाचा मार्ग अंतिम लढतीपूर्वीच संपतो. २०२३ च्या जानेवारीत पुण्यातील स्पर्धेत सिकंदर शेख हे माती विभागात महेंद्र गायकवाड ह्यांच्याकडून पराभूत झाले, आणि किताब गादी विभागातून आलेल्या शिवराज राक्षे ह्यांनी जिंकला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये फुलगाव येथे पुन्हा स्पर्धा झाली. तीत सिकंदर शेख ह्यांनी राक्षे ह्यांनाच हरवले. ह्यावरून जानेवारीचा निकाल चुकीचा होता असे सिद्ध होत नाही. विभागणी केली की विभागातील दुसरा आणि स्पर्धेतील दुसरा हे एकच असतील अशी हमी राहत नाही, एवढे मात्र दिसून येते.

अमेरिकन बेसबॉलला ही अडचण फार मोठ्या प्रमाणावर भोगावी लागली. १९६८ पर्यंत 'अमेरिकन' व 'नॅशनल' ह्या दोन्ही लीगांत एकेकच गुणतक्ता असे आणि दोन्हींचे अग्रस्थानी असलेले संघ सरळ अंतिम मालिका खेळत. संघ वाढले, म्हणून १९६९ मध्ये प्रत्येक लीगचे दोन विभाग झाले. १९९३ साली नॅशनल लीगच्या पश्चिम विभागात सॅन फ्रान्सिस्को जायंट्स संघाने १६२ पैकी १०३ सामने जिंकले. परंतु त्याच विभागातील अटलांटा ब्रेव्हज संघाने १०४ जिंकले होते. एका सामन्याच्या फरकाने १०३ विजयांचा संघ घरी बसला. दुसऱ्या विभागाचा विजेता असलेल्या फिलाडेल्फियाचे विजय ९७ होते. तो मात्र पुढे गेला.

ह्यावरील उपाय मान्य होऊन १९९४ पासून प्रत्येक लीगचे तीन विभाग करण्यात आले. तीन विभागविजेते आणि विभागविजेते नसलेल्या संघांपैकी सर्वाधिक विजयांचा एक संघ, असे चार संघ पुढे जावयाचे. हा चौथा संघ म्हणजे 'वाइल्ड कार्ड'. तो कोणत्याही विभागातून येऊ शकतो, म्हणून जोकराचे रूपक. खेळाडूंच्या संपामुळे १९९४ ची अंतिम फेरीच रद्द झाली आणि नियम प्रत्यक्षात आला तो १९९५ मध्ये. दोनच वर्षांनी, १९९७ साली, फ्लॉरिडा मार्लिन्स हा ह्या मार्गाने आलेला पहिला जगज्जेता संघ ठरला.

न्यायाचा विचार हे ह्या बदलाचे एक कारण. दुसरे कारण तिकीटविक्रीचे. आपल्या विभागात मागे पडलेल्या संघाच्या पाठीराख्यांना सप्टेंबरपर्यंत मैदानावर येण्यास काही निमित्त हवे असते, आणि जादा जागा ते निमित्त पुरवते. पुढील वाढीकडे पाहता दुसरे कारण पहिल्याहून बलवत्तर असावे असे वाटते. २०१२ मध्ये प्रत्येक लीगमधील अशा जागा दोन झाल्या आणि त्या दोघांत एकच सामना ठेवण्यात आला. पहिल्याच वर्षी ९४ विजयांच्या अटलांटाला ८८ विजयांच्या सेंट लुइसने त्या एका सामन्यात गारद केले. सहा महिन्यांत मिळवलेली सहा विजयांची आघाडी एका दिवसात निरर्थक झाली. २०२२ पासून जागा तीन झाल्या आहेत. आता प्रत्येक लीगमधून सहा संघ निघतात. पहिल्या दोन विभागविजेत्यांना पहिल्या फेरीत पुढे चाल मिळते, आणि तिसरा विभागविजेता सहाव्याशी व चौथा संघ पाचव्याशी तीन सामन्यांची मालिका खेळतो. २०२३ च्या अंतिम मालिकेत तर समोरासमोर आलेले दोन्ही संघ, टेक्सस व ॲरिझोना, वाइल्ड कार्डने आलेले होते.

अमेरिकन फुटबॉलमध्ये ही पद्धत त्याआधीपासून, १९७० पासून, आहे. तेथे विभागविजेत्यास मिळणारा मान अधिक ठसठशीत दिसतो. २०१० च्या हंगामात सिअ‍ॅटलचा संघ १६ पैकी केवळ सात सामने जिंकून विभागविजेता झाला. अकरा सामने जिंकलेल्या न्यू ऑर्लिन्सला वाइल्ड कार्ड म्हणून त्याच्या घरच्या मैदानावर जावे लागले, आणि तेथे तो हरला. म्हणजे विभागणीतून उद्भवणारा अन्याय वाइल्ड कार्डने सौम्य होतो, नाहीसा होत नाही. बर्फावरील हॉकीत २०१३-१४ पासून चारही विभागांचे पहिले तीन संघ आणि प्रत्येक परिषदेतून दोन वाइल्ड कार्ड, असे सोळा संघ जातात. बास्केटबॉलच्या मुख्य स्पर्धेत सातव्या ते दहाव्या क्रमांकाच्या संघांमध्ये पात्रता सामने होतात, परंतु त्यांना हे नाव नाही. नाव असो वा नसो, तत्त्व एकच : आकड्यांनी ठरलेली, पण कमी मोलाची जागा.

हे तत्त्व सांगलीच्या वाचकास परके नाही. सांगलीत १९१५ साली जन्मलेले विजय हजारे ह्यांच्या नावाच्या करंडक स्पर्धेत २०२१-२२ साली वरच्या श्रेणीचे पाच गट आणि 'प्लेट' हा सहावा गट होता. पाच गटविजेते थेट उपांत्यपूर्व फेरीत गेले. उरलेल्या तीन जागांसाठी पाच गटांचे उपविजेते व प्लेट गटाचा विजेता ह्या सहा संघांत तीन सामने झाले. विजेत्याला विश्रांती आणि उपविजेत्याला एक जादा परीक्षा, हीच ती उतरंड. सांगलीजवळच्या माधवनगरात वाढलेल्या स्मृती मानधना ह्यांच्या नेतृत्वाखालील बंगळूर संघाने २०२४ च्या महिला प्रीमिअर लीगमध्ये ही उतरंड खालून चढून दाखवली. पाच संघांच्या साखळीत दिल्लीचे सहा, मुंबईचे पाच आणि बंगळूरचे आठांपैकी चार विजय होते. नियमाप्रमाणे दिल्ली थेट अंतिम सामन्यात गेली. दुसऱ्या व तिसऱ्या संघांतील सामन्यात बंगळूरने मुंबईला पाच धावांनी हरवले आणि १७ मार्च रोजी दिल्लीला ११३ धावांत गुंडाळून आठ गडी राखून करंडक जिंकला. साखळीत जिंकले तितकेच सामने हरलेला संघ विजेता कसा, असा प्रश्न करता येईल. परंतु साखळी आणि बाद फेरी ह्या दोन निराळ्या गोष्टी मोजतात. पहिली सातत्य मोजते, दुसरी त्या दिवशीचा खेळ. दोन्हींचे उत्तर एकच यावे ही अपेक्षाच चुकीची आहे.

कुस्तीतील दुसरी संधी ह्याहून मुळातच वेगळी आहे आणि तिचा इतिहास सातारा जिल्ह्याशी जोडलेला आहे. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव ह्यांनी १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये ५७ किलो वजनी गटात कांस्यपदक मिळवले. स्वतंत्र भारतास वैयक्तिक खेळात मिळालेले ते पहिले ऑलिंपिक पदक. त्या स्पर्धेची रचना आजच्या वाचकास चमत्कारिक वाटेल. तेथे गुण मिळत नसत, दोषगुण मिळत. चीतपट करून जिंकल्यास शून्य, गुणांवर जिंकल्यास एक, आणि पराभवास तीन दोषगुण. पाच किंवा अधिक दोषगुण झाले की मल्ल बाद. तीनच मल्ल उरले की त्यांच्यात परस्पर लढती होऊन पदके ठरत.

ह्या हिशेबाचे परिणाम सूक्ष्म आहेत. एका पराभवाने कोणीही बाद होत नसे. तीन दोषगुण घेऊन तो पुढच्या फेरीत उभा राही. पण एका पराभवानंतर दोन कुस्त्या केवळ गुणांवर जिंकणारा मल्ल पाचावर पोहोचून जिंकता जिंकता बाद होई. उलट पराभवानंतर प्रतिस्पर्ध्यांना चीतपट करीत जाणारा तरून जाई. दुसरी संधी होती, परंतु ती मल्लाच्या स्वतःच्या वहीत लिहिलेली होती. दुसऱ्या कोणाच्या यशापयशाचा तिच्याशी संबंध नव्हता. खाशाबांनी कॅनडा, मेक्सिको व जर्मनी येथील मल्लांना हरवले आणि ते अखेरच्या तिघांत आले. तेथे जपानचे इशिई व सोव्हिएत संघाचे मामेदबेकोव्ह ह्या दोघांकडून ते पराभूत झाले. त्या दोघांना अनुक्रमे सुवर्ण व रौप्य मिळाले. इशिईंशी झालेल्या दीर्घ लढतीनंतर पुरेशी विश्रांती न देताच त्यांना पुढच्या कुस्तीस उभे करण्यात आले, आणि हरकत घेण्यास भारतीय अधिकारी तेथे नव्हता, असे सांगितले जाते. नियम कितीही चोख असला तरी तो बजावून घेणारा कोणी जवळ असावा लागतो.

आज प्रचलित असलेल्या पद्धतीस 'रेपेशाज' म्हणतात. फ्रेंचमध्ये ह्या शब्दाचा अर्थ 'पाण्यात गेलेले पुन्हा बाहेर काढणे' असा असून परीक्षेत नापास झालेल्यास मिळणाऱ्या फेरसंधीसही तो लागतो. आपल्याकडील विद्यार्थ्यास 'एटीकेटी'ची आठवण होईल. पण साम्य वरवरचे आहे. एटीकेटी विद्यार्थ्याच्या स्वतःच्या गुणांवर अवलंबून असते, रेपेशाज प्रतिस्पर्ध्याच्या यशावर. ज्याने आपल्याला हरवले तो अंतिम फेरीत पोहोचला तरच दार उघडते. २०१६ मध्ये रिओ येथे साक्षी मलिक उपांत्यपूर्व फेरीत रशियाच्या कोब्लोव्हा ह्यांच्याकडून हरल्या; कोब्लोव्हा अंतिम फेरीत गेल्या म्हणून साक्षींना पुन्हा मॅटवर येता आले आणि दोन कुस्त्या जिंकून त्यांनी कांस्यपदक मिळवले. कोब्लोव्हा उपांत्य फेरीत हरल्या असत्या, तर साक्षींच्या खेळात तिळमात्र फरक न पडताही पदकाचा प्रश्न उद्भवला नसता. ह्या नियमामागील तर्क असा की सर्वोत्तमाकडून आरंभीच हरणे हा सोडतीचा दोष आहे, मल्लाचा नव्हे. तर्क योग्य आहे. परंतु तो सोडतीतील दैव काढून प्रतिस्पर्ध्याच्या दैवास जागा करून देतो. १९५२ ची पद्धत क्लिष्ट होती, तरी पराभूताचे भवितव्य त्याच्याच हाती ठेवण्याच्या बाबतीत ती सरस होती, असे म्हणावयास हरकत नाही.

तिसऱ्या प्रकाराबद्दल फार लिहिण्यासारखे नाही. टेनिसमधील वाइल्ड कार्ड हे आयोजकांचे निमंत्रण असते. २००१ साली विम्बल्डनमध्ये १२५ व्या क्रमांकावर घसरलेले गोरान इव्हानिसेविच ह्यांना ते पूर्वकीर्तीमुळे मिळाले, आणि त्यांनी स्पर्धाच जिंकली. यजमान देशातील होतकरू खेळाडूंनाही ते दिले जाते. पुण्यातील महाराष्ट्र ओपन स्पर्धेत भारतीय खेळाडूंना असे प्रवेश मिळत असत.

मराठीने ह्या क्षेत्रात स्वतःचे शब्द घडवले नाहीत असे नाही. 'साखळी', 'बाद फेरी', 'मानांकन' हे शब्द रूढ आहेत, आणि 'पुढे चाल' हा तर मूळ इंग्रजी 'बाय'पेक्षा बोलका आहे. त्याच धर्तीवर तिन्ही प्रवेशांना निरनिराळी नावे देता येतील : आकड्यांनी ठरणाऱ्यास 'गुणानुक्रमे जादा प्रवेश', प्रतिस्पर्ध्याच्या यशावर अवलंबून असणाऱ्यास 'पुनःप्रवेश', आणि आयोजकांच्या पसंतीने मिळणाऱ्यास 'निमंत्रित प्रवेश'. पहिले नाव लांबट आहे, हे मान्य करावे लागेल. वृत्तपत्राच्या मथळ्यात ते मावणार नाही, आणि तेथे 'वाइल्ड कार्ड'च टिकेल. मात्र नियमावलीच्या भाषांतरात तिन्हींना एकच शब्द वापरणे घातक आहे, कारण प्रवेश नाकारला गेला तर दाद कोणाकडे मागावयाची हे त्या शब्दावर ठरते. पहिल्या प्रकारात गुणतक्ता तपासून मागता येतो, दुसऱ्यात प्रतिस्पर्ध्याच्या कुस्तीचा निकाल पाहावा लागतो, तिसऱ्यात मागण्यासारखे काहीच नसते.

सातारा-सांगलीकडील यात्रांच्या कुस्ती मैदानांत ह्यांपैकी तिसरा प्रकार पूर्वापार आहे, फक्त त्याला प्रवेश म्हणत नाहीत. तेथे गुणतक्ता नसतो आणि बाद फेरीही नसते. गावातील जाणती मंडळी जोड लावतात, इनाम ठरते, आणि कुस्ती निकाली होते किंवा बरोबरीत सोडवली जाते. हरलेल्याला त्या मैदानात पुनःप्रवेश नसतो. पुढच्या गावच्या यात्रेत त्याची जोड कोणाशी लावावयाची, हे त्या गावची मंडळी पाहतात.