पडद्यामागची कात्री : रेणू सलूजा

परवा रात्री टीव्हीवर ‘जाने भी दो यारो’ लागला होता. सुरुवातीच्या पाट्या सरकत असताना जाऊबाईंनी विचारलं, “अगं, ही रेणू सलूजा कोण? आणि संकलन म्हणजे नेमकं करतात तरी काय?”

मैत्रिणींनो, प्रश्न रास्त होता. नटनट्या आपल्याला पाठ, गाणारेही पाठ. संकलकाचं नाव कोण वाचतंय!

रेणूताईंचा जन्म १९५२ सालचा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना शिकायचं होतं दिग्दर्शन. तिथे प्रवेश मिळाला नाही, म्हणून संकलनाला गेल्या आणि १९७६ साली शिकून बाहेर पडल्या.

ते दिवस फिल्मचे. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते. म्हणजे दोन तासांच्या चित्रपटाला जवळजवळ अकरा हजार फूट. चित्रीकरण होतं ते याच्या कितीतरी पट. एकच प्रसंग चार बाजूंनी, पाच-पाच वेळा टिपलेला. त्यातला कुठला घ्यायचा, कुठे तोडायचा, पुढे काय जोडायचं, हे अंधाऱ्या खोलीत यंत्रासमोर बसून ठरवायचं. कापायचं, चिकटपट्टीनं जोडायचं आणि उरलेले तुकडे आकड्यांना टांगून ठेवायचे. टाकायचे नाहीत हं! उद्या त्यातलाच एखादा लागतो. (आपणही ब्लाउजच्या चिंध्या जपतोच की!)

त्या सिनेमातला महाभारताच्या नाटकाचा गोंधळ आठवा. प्रेताला द्रौपदी करून उभं केलंय आणि रंगमंचावर जो तो घुसतोय. अशा गर्दीत कुणाचा चेहरा केव्हा दाखवायचा, यावरच सगळं हसू. सेकंदाला २४ चित्रं. त्यातली सहा-सात जास्त राहिली, तरी विनोद पडतो.

आणि त्याच १९८३ साली त्यांच्याच हातचा ‘अर्धसत्य’! श्री. दा. पानवलकरांच्या कथेवरचा. तिथे हसणं नाही, नुसता आतल्या आत साचत जाणारा संताप. एकाच बाईच्या हातून ही दोन्ही कामं व्हावीत, याचं मला फार नवल वाटतं.

‘परिंदा’तला दादरच्या कबुतरखान्यावरचा खून ज्यांनी पाहिलाय, त्यांना वेगळं सांगायला नको. ‘परिंदा’ (१९८९), ‘धारावी’ (१९९१), ‘सरदार’ (१९९३) आणि ‘गॉडमदर’ (१९९८), असे चार राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाले. कुंदन शाह, गोविंद निहलानी, केतन मेहता, शेखर कपूर... एकाचा सूर दुसऱ्याशी जुळायचा नाही, पण कात्री सगळ्यांनी यांच्याच हाती दिली.

त्यांनी माहितीपटही संकलित केले. ते काम आणखी अवघड. तिथे पात्रं लिहून दिलेली नसतात. माणसं जे बोलली, जशी वागली, त्यातूनच गोष्ट शोधायची असते.

२००० च्या फेब्रुवारीत ‘हे राम’ लागला. त्याच वर्षी १६ ऑगस्टला कर्करोगानं त्या गेल्या. वय अवघं ४८.

जाऊबाई हे सगळं ऐकून जरा वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, “‘परिंदा’ कधी लागतो ते बघून ठेव गं. आणि त्या दिवशी कुकर आधीच लावून टाकू.”