लॉरेन्स स्टर्न : प्रवचनातून कादंबरीकडे

लॉरेन्स स्टर्न (१७१३–१७६८) याच्याविषयी लिहिताना पाद्री आणि विनोदकार अशी त्याची दोन रूपे कल्पून, पहिले हा केवळ मुखवटा होता असे मानण्याचा प्रघात जुना आहे. थॅकरेने १८५१ मधील आपल्या व्याख्यानांत त्याची जी कठोर संभावना केली, तिच्या मुळाशीही हाच ग्रह दिसतो. आमच्या मते स्टर्नच्या कादंबरीकलेचा उगम त्याच्या प्रवचनांतच शोधला पाहिजे.

त्याचे पूर्वचरित्र थोडक्यात सांगता येते. आयर्लंडमधील क्लॉनमेल येथे जन्म, केंब्रिज येथे शिक्षण आणि १७३८ पासून यॉर्कजवळच्या सटन या खेड्यात धर्माधिकाऱ्याची वृत्ती. १७५९ मध्ये यॉर्कच्या चर्चमधील भांडणावर त्याने लिहिलेली उपहासिका जाळून टाकण्यात आली. त्याच वर्षाच्या अखेरीस ‘ट्रिस्ट्रम शँडी’चे पहिले दोन भाग निघाले आणि सेहेचाळीस वर्षांचा हा खेड्यातील पाद्री लंडनच्या कौतुकाचा विषय झाला.

दुसऱ्या भागातील एक प्रसंग या दृष्टीने महत्त्वाचा आहे. एका जुन्या ग्रंथातून प्रवचनाचे कागद खाली पडतात व कॉर्पोरल ट्रिम ते मोठ्याने वाचू लागतो. हे प्रवचन कल्पित नव्हे. स्टर्नने ते १७५० मध्ये यॉर्कच्या मुख्य चर्चमध्ये न्यायाधीशांसमोर स्वतः केले होते आणि छापलेही होते. मनुष्याची सदसद्विवेकबुद्धी त्याच्याच बाजूने साक्ष देण्यास तत्पर असते, म्हणून ‘माझे मन मला खात नाही’ एवढ्यावर कोणी विसंबू नये, हे त्याचे सार. कादंबरीत या प्रवचनाला श्रोते लाभतात. इन्क्विझिशनच्या छळाचे वर्णन येताच ट्रिमला पोर्तुगालमध्ये कोठडीत पडलेला आपला भाऊ आठवतो, त्याला रडू आवरत नाही आणि वाचन अडते. कॅथॉलिक डॉक्टर स्लॉप मात्र ऐकता ऐकता झोपी जातो. उपदेश तोच, पण तो ऐकणाऱ्या प्रत्येकाचे काय होते हे दाखविताच प्रवचनाची कादंबरी होते.

१७६० मध्ये त्याने आपला प्रवचनसंग्रह यॉरिक या आपल्या पात्राच्या नावाने काढला. हे नाव मुळात ‘हॅम्लेट’मधील राजविदूषकाचे, त्यामुळे काही टीकाकार संतापले. परंतु त्याच संग्रहातील गुलामगिरीविषयीचा मजकूर वाचून, बालपण दास्यात काढलेल्या इग्नेशियस सँचोने १७६६ मध्ये स्टर्नला पत्र लिहिले व या विषयावर आणखी लिहिण्याची विनंती केली. विदूषकाच्या नावामुळे त्या वचनांचे वजन सँचोला कमी वाटले नव्हते. १७६७ मधील नवव्या भागात एका निराधार कृष्णवर्णीय मुलीचा प्रसंग आला आहे.

स्टर्नच्या आचरणाचे समर्थन करण्याचा येथे हेतू नाही. पत्नी व कन्या फ्रान्समध्ये असताना, १७६७ च्या आरंभी, मुंबईतील ईस्ट इंडिया कंपनीच्या एका अधिकाऱ्याची पत्नी एलायझा ड्रेपर हिच्यात त्याचे मन गुंतले. एप्रिलमध्ये ती मुंबईस निघाली आणि क्षयाने खंगलेला स्टर्न तिच्यासाठी रोजनिशी लिहीत राहिला. तीत तो स्वतःस ब्राह्मण म्हणवितो! १७५० च्या प्रवचनात ज्या आत्मवंचनेविषयी त्याने न्यायाधीशांना सावध केले होते, तिचा नमुना या रोजनिशीच्या पानोपानी सापडतो. १८ मार्च १७६८ रोजी लंडनमधील भाड्याच्या खोलीत तो वारला. पुढे १७७३ मध्ये एलायझा माझगावच्या बेल्व्हेडिअर बंगल्यातून पतीला सोडून निघून गेली.