हिंगाचा थोरला भाऊ

येरवड्यात आमचा घरगुती पापड-मसाल्याचा उद्योग आहे. उडदाच्या पिठात हिंग जरा कमी पडला, तरी नेहमीची गिऱ्हाइकं पहिल्याच घासाला ओळखतात. म्हणून भवानी पेठेत गेले की सगळ्यात जास्त घासाघीस मी हिंगावर करते.

पण एके काळी, ग्रीक-रोमन जगात, हा हिंग म्हणजे दुय्यम माल होता. अस्सल समजला जायचा तो सिल्फियम नावाच्या झाडाचा डिंक. ते आजच्या लिबियात, सायरीन या ग्रीक शहराच्या आसपास माळावर उगवायचं. वर्णनावरून ते हिंग-ओवा-जिऱ्याच्याच कुळातलं वाटतं. कोवळे दांडे भाजीसारखे खात, डिंक स्वयंपाकात आणि औषधात घालत. सायरीनने आपल्या नाण्यांवर या झाडाचं चित्र छापलं. रोमच्या सरकारी खजिन्यातून ज्युलियस सीझरने सोन्याचांदीबरोबर हा डिंकही काढला, १५०० पौंड!

आपण तिखटाच्या बरणीत कीड लागू नये म्हणून हिंगाचा खडा ठेवतो. रोमन पाककृतींच्या एका जुन्या पुस्तकात डिंक पुरवण्याची युक्ती आहे: तो चिलगोज्यांच्या बरणीत ठेवायचा, वास मुरलेले चिलगोजे वापरायचे आणि तेवढेच नवे भरायचे.

एवढं मोल असून झाड गेलं कसं? ग्रीक वनस्पती-अभ्यासक थिओफ्रास्टस लिहितो की ते मशागतीच्या जमिनीत टिकत नसे. म्हणजे पेरणी नाही, फक्त काढणी. रोमन लेखक प्लिनी दोष देतो तो माळ मक्त्याने घेणाऱ्यांना: मेंढ्या चारण्यात नफा जास्त दिसला, म्हणून त्यांनी झाडं चरू दिली. त्याच्या आठवणीत एकच रोप सापडलं, ते सम्राट नीरोला नजराणा गेलं. मग इराणकडचा हिंग त्या जागी बसला.

२०२१ मध्ये इस्तंबूलचे प्राध्यापक महमूत मिस्की यांनी तुर्कस्तानातली 'फेरुला ड्रुडेआना' ही वनस्पती म्हणजेच सिल्फियम असावं, असं मांडलं. ते सिद्ध झालेलं नाही.

आपणही हिंग अफगाणिस्तान, इराण, उझबेकिस्तानातून आणत आलो. मुळाला चिरा देऊन चीक काढतात. त्याआधी झाड वाढायला चार-पाच वर्षं जातात. ऑक्टोबर २०२० मध्ये हिमाचलमधल्या पालमपूरच्या सरकारी संशोधन संस्थेने लाहौलच्या थंड, कोरड्या खोऱ्यात हिंगाची रोपं लावली. तो हिंग माझ्या पिठात पडायला वेळ लागेल, सुरुवातीला महागही पडेल. तरी मी घेईन. नुसत्या काढणीवर चालणाऱ्या मालाचं काय होतं, ते सायरीनने दाखवलं आहे.